ओसरीवरचे अकरा दिवस

नागपूर,
४ सप्टेंबर १९६८

चि. अरू,

आशीर्वाद. तू घे किंवा घेऊ नकोस, मी तो पाठवला आहे.

रामनवमीपासून तुझं एक अक्षर नाही. माझी पत्रं पोचतात हे मला ठाऊक आहे, कारण परत एकही आलेलं नाही. रामटेकच्या गडाच्या पायथ्याशी मी जे बोलले त्यावरून तू अजून धुमसते आहेस. पायऱ्या चढून मुलं होत असती, तर रोज गडावर टपाल नेणाऱ्या पोस्टमनच्या घरी एव्हाना शाळा भरली असती, हे वाक्य मला आजही चांगलंच वाटतं. तुझ्या सासूबाई आणि त्यांच्याबरोबरच्या बायका ऐकत होत्या, तेव्हा जागा चुकली म्हण हवं तर. तू तरातरा वर निघून गेलीस. मी खालच्या पायरीवर बसून राहिले आणि संध्याकाळच्या गाडीनं नागपूरला आले. झालं ते झालं.

आता कामाचं. काल केशवराव माझ्या शाळेच्या फाटकाशी उभे होते. तहसिलीचं काही काम घेऊन कलेक्टर कचेरीत आले होते म्हणे. मी त्यांना बर्डीच्या बाजारात कॉफी प्यायला नेलं. जावई माणूस, तेव्हा आधी हवापाण्याचं बोलून झालं. मग त्यांनी खाली बघत सांगितलं की सासूबाईंनी खापा गावची एक मुलगी पाहून ठेवली आहे. वैशाखापर्यंत तुला दिवस जाण्याची वाट पाहायची, नाहीतर तुला माझ्याकडे आणून सोडायचं आणि फारकतीचे कागद करायचे.

मी विचारलं, "आणि तुमचं काय म्हणणं आहे?"

ते म्हणाले, "ताई, आई काही ऐकूनच नाही राहिली."

हे काही म्हणणं नव्हे. पण निघताना त्यांनी बर्डीवरच्या दुकानात तुझ्यासाठी केसांचे आकडे घेतले, काळे की तपकिरी यावर बराच वेळ घोळ घातला. ज्याला बायको सोडायची आहे तो असा घोळ घालत नाही. म्हणून त्यांच्यावर मी फार चिडले नाही.

आता मुद्दा ऐक. त्यांची मान आणि हात डासांनी फोडून काढले होते. मच्छरदाणी फाटली का, असं मी सहज विचारलं. तर लाजून म्हणाले, सध्या ओसरीवर झोपतो, व्रताचे दिवस आहेत. दर महिन्याला असंच असतं.

अरू, आज सातवीच्या मुलींना मी वनस्पतीच्या मुळांचे प्रकार शिकवत होते आणि डोक्यात तुमची ओसरी होती. मला तीन गोष्टी कळव. पाळीनंतर डोक्यावरून न्हाऊन झालं की व्रत कधी सुरू होतं? ते कधी सुटतं? आणि पुढची पाळी कधी येते? रुसवा तसाच ठेव, मला चालेल. उत्तरं तेवढी पाठव.

तुझी,
उत्तराताई


नागपूर,
२२ सप्टेंबर १९६८

चि. अरू,

चार ओळींचं का होईना, पत्र आलं. त्यातल्या दोन ओळींत मी शहाणी आहे, असं तू लिहिलं आहेस आणि ते कौतुक नाही, हे मला समजलं. उरलेल्या दोन ओळी फार महत्त्वाच्या आहेत.

म्हणजे असं: चार दिवस तू बाजूला बसतेस. पाचव्या दिवशी न्हातेस आणि त्याच दिवशी व्रत धरतेस. अकरा दिवस रोज गड चढायचा, एकभुक्त राहायचं, घोंगडीवर झोपायचं आणि नवऱ्यानं ओसरीवर. पंधराव्या दिवशी रात्री दिवा लावून व्रत सोडायचं. सोळाव्या दिवशी केशवराव गादी गुंडाळून आत येतात. आणि पाळी तुला अजूनही आपल्या आईच्याच वळणावर येते, चार आठवडे पुरे व्हायच्या आतच.

शरीरशास्त्राच्या पुस्तकात एक धडा आहे. बहुतेक शिक्षिका तो "घरी वाचा" म्हणून सोडून देतात. मी फळ्यावर आकृती काढून शिकवते, दार बंद करून पण आवाज बारीक न करता. पहिली दहा मिनिटं मुली बाकाखाली डोकं घालतात, नंतर त्यांचे प्रश्न संपत नाहीत. तुला शाळेत हा धडा कुणी शिकवला नाही, म्हणून आज शिकवते. डोकं बाकाखाली घालू नकोस.

महिन्याचे चार भाग असतात. तू बाजूला बसतेस तो पहिला. जातं ते घाण रक्त नव्हे. गर्भाशयानं आतून एक मऊ अस्तर तयार केलेलं असतं, ते कामी आलं नाही म्हणून उतरतं, एवढंच. ते उतरत असतानाच दुसरा भाग सुरू होतो. अंडाशयात एक बीज पिकू लागतं आणि अस्तर पुन्हा नव्यानं चढतं. कुणाचा हा भाग लवकर आटोपतो, कुणाचा रेंगाळतो, त्यामुळेच बायकांच्या पाळ्या मागेपुढे होतात. तिसरा भाग सगळ्यांत छोटा. बीज पिकून बाहेर पडतं आणि जेमतेम दिवसभर टिकतं. चौथ्या भागात अस्तर वाट पाहतं, साधारण दोन आठवडे. कुणी आलं नाही की तेही उतरतं आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात.

हा चौथा भाग बहुतेकींचा सारखा असतो. म्हणून बीजाचा दिवस पुढच्या पाळीपासून मागे मोजायचा. तुझं मोजून पाहिलं तर तो येतो अकरावा किंवा बारावा. त्या वेळी तू घोंगडीवर असतेस आणि तुझा नवरा डासांत. पुरुषाचं बीज दोन-तीन दिवस तग धरतं, म्हणून आधीचे दिवसही कामाचे, पण तेही व्रतातच गेले. पाहुणा येतो त्या दिवशी तुमच्या घराला कुलूप असतं. तो परत गेला की तुम्ही दार उघडून रांगोळी काढता. सहा वर्षं तुमचं हेच चाललं आहे.

माझ्यावर विश्वास ठेवू नकोस, स्वतःवर ठेव. व्रताच्या मध्यावर अंगावरून पारदर्शक, भेंडी चिरताना सुटते तशी तार येते का? एका बाजूला ओटीपोटात बारीक कळ येते का? धंतोलीतल्या डॉक्टरीणबाईंना मी विचारलं, त्या म्हणाल्या की ही बीजाचीच खूण आहे. ती तुला इतकी वर्षं दिसली असणार. तू ती विटाळातली म्हणून धुऊन टाकली असशील.

तुझ्यात खोट आहे असं मी मानत नाही. केशवरावांत असू शकते, तपासल्याशिवाय कुणालाच सांगता येणार नाही. पण आधी दार तर उघडा.

मला तुझी आठवण येते. शनिवारी चिवडा केला की अजून दोघींपुरता होतो.

ताई


नागपूर,
१२ ऑक्टोबर १९६८

गं. भा. इंदूबाई यांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

अरुंधतीनं कळवलं की माझी पत्रं आधी तुम्ही फोडून वाचता आणि "असलं" काही मी लिहू नये. तुम्ही वाचताच आहात तर मधे तिला कशाला त्रास, म्हणून हे पत्र सरळ तुमच्या नावानं. आधीचं तुम्ही वाचलं आहेच. रागावला असाल. मी रामनवमीला बोलले त्याचाही राग असेलच, तो दोन्ही मिळून एकदाच करा.

मी तुमचं व्रत मोडायला सांगत नाही. अकरा दिवस राहू द्या, गड राहू द्या, एकभुक्त राहू द्या. मी फक्त एवढंच म्हणते आहे की ते पुढे सरकवा. पाचव्या दिवसाऐवजी पंधराव्या दिवशी धरा. पाळी येईस्तोवर होतंच आहे पूर्ण. केशवरावांना ओसरीवर झोपायची हौस असेल तर तेव्हा झोपू द्या.

माझ्या पुस्तकाचं तुम्हाला काही वाटणार नाही हे मला कळतं. पण तुमच्याकडे पोथ्या आहेत. जुन्या लोकांनी ऋतुकाळाच्या सोळा रात्री सांगितल्या आहेत, त्यांतल्या पहिल्या चार वगळून उरलेल्या नवरा-बायकोनं एकत्र घालवायच्या. तुमच्या घरात नेमक्या त्याच रात्री दोघांना वेगळं ठेवलं जातं. हा नेम कुणी घातला मला माहीत नाही. ज्यानं घातला त्यानं पोथी वाचलेली नव्हती.

एक शेवटचं विचारते. खाप्याची मुलगी तुम्ही सून करून आणलीत, तर तिलाही हेच व्रत द्याल ना? मग तीही रिकामीच राहील. तिला परत पाठवून तिसरी आणाल. किती मुलींना गड चढवणार आहात?

जास्त लिहिलं असेल तर मी मास्तरीण आहे, सवय आहे. माझ्या बहिणीचं घर मोडायला निघालं आहे, म्हणून गप्प बसता येत नाही.

आपली,
उत्तरा


नागपूर,
३ नोव्हेंबर १९६८

चि. अरू,

हे पत्र न फोडलेलं तुझ्या हातात पडेल, असं वचन मला मिळालं आहे. कुणाकडून ते ऐक.

गुरुवारी तुझ्या सासूबाई दारात उभ्या राहिल्या. एकट्या, सकाळच्या गाडीनं. घरी सांगितलं होतं की नागपूरला चष्मा करायला जाते. हातात ओल्या फडक्यात बांधलेली रामटेकची विड्याची पानं. मी घाबरले नाही, पण खुर्चीवरचे पेपर उचलताना खाली पाडले.

त्यांनी माझी खोली नीट पाहून घेतली. "एकटीच राहता? भेव नाही वाटत?"

"डासांचं वाटतं," मी म्हटलं.

त्या हसल्या नाहीत. पाणी प्यायल्या आणि म्हणाल्या, "तुमचं पत्र तीनदा वाचलं मी. खाप्याच्या पोरीचं जे लिहिलं ना तुम्ही, त्यानं मले झोपू नाही दिलं. आता तोंडानं सांगा. मले ते आकृतीबिकृती काही समजत नाही."

खडू होता, पण मी त्यांचीच पानं घेतली. फरशीवर एकापुढे एक मांडत गेले, एका पाळीपासून दुसरीपर्यंत. पहिली चार उताणी ठेवली, ती बाजूला बसायची. मग म्हटलं, व्रताची तुम्ही मांडा. त्यांनी पाचव्यापासून अकरा पानांचे देठ आपल्याकडे वळवले, अगदी सरळ रेषेत. मग मी शेवटच्या पानापासून मागे मोजत आले आणि जिथे थांबले तिथे सुपारी ठेवली. हे बीज, म्हटलं. सुपारी त्यांच्या वळवलेल्या पानांच्या मधोमध पडली होती.

त्या पानांवर वाकल्या. मग स्वतः हात लावून पुन्हा मोजलं. मग लुगडं घोट्यापर्यंत वर घेऊन मला उजवा पाय दाखवला. घोट्याचं हाड अजून थोडं बाहेर आहे.

अरू, हे व्रत त्यांनी घातलेलं नाही. त्यांना ते त्यांच्या सासूनं दिलं होतं. लग्नानंतर नऊ वर्षं त्यांनीही दर महिन्याला अकरा दिवस गड चढला आणि त्यांचे यजमान ओसरीवर झोपले. मग एकदा व्रताच्या दुसऱ्याच दिवशी उतरताना पाय मुरगळला. व्रत मोडलं. सासूनं पंधरा दिवस बोलणं टाकलं. यजमान मात्र त्या दिवसांत आईची नजर चुकवून आत यायचे आणि बायकोच्या पायाला तेल लावून द्यायचे.

मी विचारलं, "आणि मग?"

"आणि मग केशव," त्या म्हणाल्या. "साऱ्या गावाले सांगत आली मी, गडावरच्या रामानं देला म्हणून."

मला जिंकल्यासारखं वाटायला हवं होतं. तसं वाटलं नाही. मी म्हटलं, "रामानंच दिला असेल. पाय मुरगळून दिला."

तेव्हा त्या हसल्या, आणि हसता हसता त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं. "नऊ वर्षं मले वांझ म्हणत होते वं बाई," त्या म्हणाल्या. "सकाळी कोणी माझं तोंड पाहत नव्हतं. आणि मी तुमच्या बहिणीले तेच करून राहिली."

मी त्यांचा हात धरून बसले.

मग त्या उठल्या. पानं गोळा करून फडक्यात बांधली, सुपारी कनवटीला लावली. म्हणाल्या, व्रत मी देलं, मीच पुढे सरकवते, कोणाले इचारायचं नाही. केशवरावांना तपासायचं काढलं तर म्हणाल्या, तेही पाहू, आधी त्याले ओसरीवरून आत घेते. हे सगळं तुला मीच लिहावं असं त्यांनी सांगितलं. तोंडानं त्यांना सांगता येणार नाही. तेव्हा तूही विचारू नकोस.

तुझी,
ताई


नागपूर,
८ डिसेंबर १९६८

चि. अरू,

पाळी आली म्हणून तू रडत लिहिलं आहेस. अक्षर पसरलेलं दिसलं. रड, पण माझ्यावर अविश्वास दाखवू नकोस. दार उघडं ठेवलं म्हणून पाहुणा पहिल्याच दिवशी येतो असं नाही. सगळं ठीक असूनही कित्येकींना काही महिने लागतात. डॉक्टरीणबाई म्हणतात, वर्षभर धीर धरायचा. आपल्याकडे वैशाखापर्यंत वेळ आहे आणि सासूबाई आता आपल्या बाजूनं आहेत, तेव्हा वैशाखही पुढे सरकेल. ज्यांना व्रत सरकवता आलं त्यांना महिना काय जड आहे.

तू पुढे जे लिहिलंस ते मी दोनदा वाचलं. तार दहाव्या दिवशी दिसली, कळ डावीकडे आली, आणि ते तू केशवरावांना स्वतःहून सांगितलंस. आपल्या अंगात काय चाललं आहे ते आपल्याला कळतं, याची गंमत वाटली, असं लिहिलं आहेस. माझ्या वर्गातल्या मुलींचा चेहरा नेमका याच वेळी बदलतो. इतकी वर्षं तुला वाटत होतं की महिना तुझ्यावर येऊन आदळतो. आता तू त्याला येताना पाहतेस. मूल होवो न होवो, हे तुझ्याकडून कुणी काढून घेऊ शकत नाही.

गडावर जाणं तुला खरं तर आवडतं, हेही पहिल्यांदाच कळलं. तेवढा वेळ कुणी काम सांगत नाही, म्हणतेस. मग आवडतं म्हणून जा. मला कशाला राग येईल?

केशवरावांना सांग, डासांचे डाग गेले का ते कळवा.

ताई


नागपूर,
११ फेब्रुवारी १९६९

चि. अरू,

आज टपालात दोन पत्रं आली. एक तुझं पाकीट आणि दुसरं सासूबाईंचं कार्ड. उघडं कार्ड, म्हणजे रामटेकच्या पोस्टमननं ते वाचलंच असणार. वाचू दे, मी त्याच्यावर केलेल्या विनोदाची भरपाई झाली.

कार्डावर अक्षरं मोठी मोठी आणि शेवटी रेघेखाली घसरलेली. तू बहुतेक पाहिलं नसशील, म्हणून उतरवून देते.

"उत्तराबाईस आशीर्वाद. तुमची बहीण दोन महिने बाजूला बसली नाही. सकाळी ओकाऱ्या होतात. आळीत सगळ्यांना समजलं, सांगावं लागलं नाही. खाप्याला नाही म्हणून कधीच कळवलं आहे. तिचं व्रत या खेपेला राहून गेलं, तिला आता गड चढू देणार नाही. तिच्या नावानं मी चढते. चार दिवस झाले. घोटा दुखतो. सुपारी देव्हाऱ्यात ठेवली आहे."

मी हे उभ्यानं वाचलं आणि तशीच बसले. मला रडू येत नाही असं तू नेहमी म्हणतेस. आज तू इथे असायला हवी होतीस.

डॉक्टरीणबाईंकडे तुला दाखवायचं आहे. केशवरावांसोबत ये, मी वेळ घेऊन ठेवते. जड उचलू नकोस, आणि एकभुक्त वगैरे अजिबात नको, दोन वेळा पोटभर जेव. पुढचं मी समोरासमोर शिकवीन, त्याचाही एक धडा आहे.

आणि सासूबाईंना सांग, रविवारपर्यंत हळू चढा, घोट्याला फडकं बांधा, उतरताना कठड्याला धरा. रविवारी पहिल्या गाडीनं मी येते. काठी घेऊन येते आणि त्यांच्यासोबत वरपर्यंत चढते. माझा विश्वास नाही हे त्यांना ठाऊक आहे, त्यांना चालेल. त्या वयात त्या पायानं त्यांना एकटीनं चढू देणं मला मात्र चालणार नाही.

रामनवमीला मी खाली बसून राहिले होते, तेव्हा तुला वाटलं असेल की मला दम लागतो. तसं काही नाही. रविवारी बघ.

तुझी,
ताई